चारशे बारावं वाक्य

१

श्रीविद्या घरातून बाहेर पडायची म्हणजे एक छोटा सोहळाच. पायात चपला, खांद्याला पिशवी, हातात गाडीची किल्ली, आणि तरीही बाई दारातच उभी. स्वयंपाकघराकडं तोंड करून ती म्हणायची, "अम्मा, येते मी." आत कुकर शिट्ट्या मारत असो, मिक्सर घरघरत असो, अम्मा हातातलं टाकून उत्तर द्यायची, "हां, जाऊन ये. मी आहे घरी." तेवढं कानावर पडलं की मगच हिचा पाय पायरीखाली.

हसू नका. ह्या घराला तसं कारण होतं. चार वर्षांपूर्वी एका सकाळी प्राणेशराव, म्हणजे श्रीविद्याचे वडील, कृष्णराजनगरला कुणाच्या मुंजीला निघाले. "येतो गं," म्हणाले. गोदाबाई, म्हणजे अम्मा, सोवळ्यात पूजेला बसलेल्या, ओठांत मंत्र. मधेच बोलणार कशा? ते दुसऱ्यांदा "येतो" म्हणाले, थोडं थांबले आणि गेले. संध्याकाळी त्यांना चार माणसांनी घरी आणलं. वळणावर ट्रक अंगावर आला, चूक ट्रकवाल्याची, सगळं पोलिसांच्या कागदात आहे. पण गोदाबाईंच्या मनातून एकच गोष्ट जाईना. माणूस दोनदा बोलला आणि आपण उत्तर दिलं नाही.

तेव्हापासून हा नेम. पूजा अर्धी टाकून त्या उत्तर देत. बेंगळूरला नोकरी करणारा धाकटा प्रद्युम्न, तोसुद्धा लांब कुठं निघाला की आधी फोन करायचा, "अम्मा, येतो," आणि उत्तर ऐकल्याशिवाय गाडीत बसायचा नाही.

एरवी अम्माच्या तोंडाला दिवसभर खंड नसे. तीस वर्षं कन्नड शाळेत मास्तरीण होती, आवाज शेवटच्या बाकापर्यंत पोचवायची सवय. मराठीत सुरू केलेलं वाक्य कन्नडमध्ये संपवायची. "अय्यो पुट्टी, ऊट झालं का नाही? तोंड बघ, कसं वाळून गेलंय. सुम्ने बस आधी, वाढते." पुट्टी म्हणजे छोटी; बाकी जेवलीस का, गप बस, एवढाच त्याचा अर्थ. म्हैसुरात, जयलक्ष्मीपुरमच्या त्या तीन खोल्यांच्या घरात श्रीविद्याला कधी रेडिओची गरज पडली नाही. उलट ती कानात बोळे घालून अभ्यास करायची आणि मनातल्या मनात म्हणायची, देवा, हिला दोन तास तरी गप्प कर.

असं म्हणू नये माणसानं. पण म्हणतो आपण.

२

श्रीविद्या एकतीस वर्षांची, एका कॉलेजात तासावर शिकवायची आणि पीएच.डी.च्या नोंदणीच्या मागं लागलेली. तिला अभ्यास करायचा होता तो एका खेळाचा. कॉम्प्युटरवरचा, पण मारामारीचा नाही. पडद्यावर एक चित्र, चित्रात माणूस, खाली त्याच्या बोलण्याची चौकट. बटण दाबलं की पुढचं वाक्य. मधे मधे तुमच्यासमोर दोन-तीन पर्याय येतात. निवडाल तशी गोष्ट वळते. ह्याला व्हिज्युअल नॉव्हेल म्हणतात. जगभर अशा खेळांवर लोक ग्रंथ लिहितात.

हिला सापडलेल्या खेळाचं नाव होतं 'मधलं घर'. हौशी लोक आपले खेळ फुकट ठेवतात अशा एका वेबसाइटवर तो पडून होता. आजवर एकेचाळीस जणांनी उतरवून घेतलेला. कुणी केला, पत्ता नाही. दिलेल्या मेलवर पत्र टाकलं तर परत आलं. पण वेबसाइटवरचा नमुना ऐकला आणि श्रीविद्या खुर्चीतून उठून उभी राहिली. खेळातली बाई बोलत होती ती म्हैसूरची घरातली मराठी! पुण्याच्या माणसाला अर्धी कळणार नाही, पुस्तकात कुणी कधी छापणार नाही, अशी. "आमच्या भाषेत खेळ!" तिनं प्रद्युम्नला फोन केला. "विषय मिळाला रे मला. आजवर कुणी हात लावला नसेल असा."

खेळ अगदी साधा. मधल्या घरात, म्हणजे मधल्या खोलीत, एक वयस्क बाई खाटेवर बसून शेंगा निवडते आहे. तुम्ही तिचं मूल. बोलत बसायचं, बस्स. सुरुवातीला खेळ एकच विचारतो: 'घरात तुला काय म्हणतात?' अभ्यासकानं अशा ठिकाणी काहीतरी कोरडं नाव घालायचं असतं. श्रीविद्याला हे चांगलं माहीत होतं. तरी तिची बोटं हौसेनं चालली आणि तिनं लिहिलं, पुट्टी.

कोपऱ्यात आकडा उमटला: 'ऐकलेली वाक्यं: ४१२ पैकी ०.'

ऐकलेलं वाक्य यादीत करड्या रंगाचं होई आणि पुन्हा वाजत नसे. एकदाच ऐका, नाहीतर राहिलं. श्रीविद्यानं भिंतीवर मोठे कागद चिकटवले, प्रत्येक पर्यायाला एक चौकोन, चौकोनातून चौकोनाकडं रेघा. वाक्य ऐकलं की वहीत उतरवायचं, क्रमांक घालायचा, खूण करायची. दुपारी दोन ते पाच ही तिची वेळ, कारण तेव्हा अम्मा आडवी व्हायची. पाठीशी पंखा, दाराबाहेर मार्चचं ऊन, आणि पडद्यावरच्या बाईचा आवाज. थोडा चिरका, थोडा थकलेला. ओळखीचा नव्हे. म्हणजे, तेव्हा तरी नव्हे.

३

पहिली गोष्ट इतकी क्षुल्लक होती की ती सांगायची तर लाज वाटावी.

एका संध्याकाळी श्रीविद्या कॉलेजातून आली, चपला काढल्या, पिशवी टाकली. अम्मानं ताट वाढलं, भात, सारु, वर तूप, आणि समोर बसली. श्रीविद्या जेवली. हात धुताना तिला चुकल्यासारखं झालं. काहीतरी राहिलं होतं. गॅस बंद आहे, दार लावलंय, गाडी आत घेतली आहे. मग काय राहिलं?

रात्री अंथरुणावर पडल्यावर तिच्या ध्यानात आलं. अम्मानं 'ऊट झालं का?' विचारलं नव्हतं.

बरं, नाही विचारलं. माणूस विसरतं. पण दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी श्रीविद्या मुद्दाम दारात रेंगाळली, "फार भूक लागली बाई," असं मोठ्यानं म्हणाली. अम्मा हसली आणि ताट घेतलं. ते वाक्य आलं नाही ते नाहीच.

वही उघडून तिनं पाहिलं. वाक्य सत्तावीस: 'अय्यो पुट्टी, ऊट झालं का नाही?' समोर खूण. तारीख पहिल्या दिवसाची.

"काहीतरीच," श्रीविद्या मोठ्यानं म्हणाली आणि वही मिटली. म्हैसूरच्या आपल्या लोकांत कुठली आई हे विचारत नाही? खेळ करणाऱ्यानं आपल्याच कुणा आईचं बोलणं घेतलं असणार. आणि अम्मा पासष्टची झाली. थकली असेल.

४

विभागात तिच्या मार्गदर्शक नमिता मॅडम होत्या, चार वर्षांपूर्वी पुण्याहून आलेल्या. त्यांनी आराखडा उलटसुलट केला आणि चष्मा वर सरकवला.

"विषय उत्तम आहे. पण तू एकशे नव्वद वाक्यांवर थांबली आहेस, श्रीविद्या. बाकीची?"

"होतील, मॅडम. सावकाश चाललंय."

"सावकाश कसं चालेल? पुढच्या गुरुवारी अकरा वाजता समितीसमोर मांडणी आहे. एक फांदी जरी न बघता सोडलीस ना, तर नेमकं तेच विचारतील. म्हणतील, अर्धा खेळ बघून सिद्धांत मांडता? ही नोंदणी गेली तर पुढची दोन वर्षांनी."

श्रीविद्या काय सांगणार होती? की मॅडम, मी जितकं ऐकते तितकी माझी आई कमी बोलायला लागली आहे? त्यांनी प्रेमानं पाणी दिलं असतं आणि दुसरा विद्यार्थी बघितला असता.

"आणि हे काय लिहिलंयस?" मॅडमनी एका ओळीवर बोट ठेवलं. "पात्राची पाठ वळत जाते?"

"हो. सुरुवातीला ती बाई समोर तोंड करून बसते. शंभर वाक्यांनंतर थोडी कडेला. आता अर्धं तोंडच दिसतं. मागच्या दाराकडं वळत चालली आहे."

"फार छान निरीक्षण! हे प्रकरण तीनमध्ये घे."

श्रीविद्यानं ते प्रकरण तीनमध्ये घेतलं.

५

मग तिनं ठरवलं की संशयाचा एकदा सोक्षमोक्ष लावायचा. अभ्यासक ना ती! घाबरायचं कशाला, तपासून बघायचं.

अम्माला पंख्याचं भारी वाकडं. कुणी पाचावर ठेवला की ती म्हणणारच, "पंखा कमी कर गं, सांधे धरतात माझे." सकाळी श्रीविद्यानं पंखा पाचावर केला. अम्मा म्हणाली. शब्दन् शब्द तसाच. श्रीविद्यानं वहीत वेळ लिहिली. दुपारी खेळात तिनं 'पंखा लाव' हा पर्याय शोधून काढला. पडद्यावरची बाई म्हणाली, "पंखा कमी कर गं, सांधे धरतात माझे."

ह्या वेळी आवाज चिरका नव्हता. शेवटच्या बाकापर्यंत पोचेल असा होता.

श्रीविद्यानं तीही वेळ लिहिली. पाच वाजता अम्मा उठून बाहेर आली तेव्हा तिनं हळूच पंखा पाचावर केला. अम्मानं वर पाहिलं. तोंड उघडलं.

आणि वीज गेली.

पंखा घरघरत थांबला. अम्मानं तोंड मिटलं, पदरानं वारा घेतला आणि ओट्याकडं गेली. आता सांगा, ह्यातून काय सिद्ध झालं? काही नाही. वीज तासाभरानं आली तेव्हा श्रीविद्यानं पंख्याला हात लावला नाही. का नाही लावला, हे तिनं स्वतःला विचारलंही नाही.

दुसऱ्या दिवशी ती अम्माला डॉक्टरकडं घेऊन गेली. त्यांनी जीभ बघितली, कान बघितले, रक्त तपासलं. "सगळं नॉर्मल आहे. वडील गेल्यापासून मनात साठलेलं असतं, मुलगा परदेशी चालला आहे म्हणता, त्याचंही असेल. बोलतं करा त्यांना." प्रद्युम्नला जर्मनीत नोकरी लागली होती खरी, गुरुवारचंच विमान. श्रीविद्याला इतकं हायसं वाटलं की परत येताना तिनं मंडी मोहल्ल्यात गाडी थांबवून अम्माला आवडतात म्हणून खारे शेंगदाणे घेतले. अम्मा पाठीमागं बसून एक एक तोंडात टाकत होती. घरापर्यंत एक अक्षर बोलली नाही.

६

सोमवार. दोनशे नव्वद झाली होती. गुरुवार तोंडावर आलेला.

खेळात एक सोय होती, स्वयंचलित. ती लावली की खेळ स्वतःच पर्याय निवडत जातो, स्वतःच वाक्य वाजवत जातो, तुम्ही नुसतं बसून उतरवायचं. श्रीविद्यानं ती आजवर लावली नव्हती. तिला माहीत होतं का काही? अर्धं माहीत होतं. आणि अर्ध्या माहीत असलेल्या गोष्टीकडं पाठ फिरवणं किती सोपं असतं, हे तुम्हाआम्हाला काय नवीन आहे! दोन वर्षं थांबायचं तिच्या जिवावर आलं होतं. एकच फांदी बघू, म्हणाली, दहा वाक्यं, आणि बंद करू.

बटण दाबलं आणि दाराची घंटा वाजली. गॅसवाला होता. सिलिंडर आत घ्या, जुना बाहेर काढा, गळती बघा, चिल्लर नाही म्हणून शेजारी पळा. वीस मिनिटं तरी गेली. हात धूत ती स्वयंपाकघरातून बाहेर आली तर मधल्या खोलीतून अम्माचा आवाज येत होता.

केवढा आनंद झाला तिला! अम्मा बोलत होती, भरभरून, पूर्वीसारखी. "तू झालीस ना पुट्टी, तेव्हा दसऱ्याचे दिवे लागले होते सगळीकडं. तुझे अण्णा आस्पत्रीच्या पायरीवर बसलेले, हातात मल्लिगीचा गजरा. मुलगी झाली म्हटल्यावर काय करावं सुचेना, त्यांनी तो गजरा नर्सलाच देऊन टाकला..."

ही गोष्ट श्रीविद्यानं शंभरदा ऐकली होती. तिला हसू फुटलं. ती पडदा सारून आत गेली.

अम्मा लॅपटॉपसमोर खाटेवर बसली होती. हात मांडीवर. मान किंचित पुढं. तिचे ओठ हलत होते, पण आवाज तिच्यातून येत नव्हता. आवाज समोरून येत होता, आणि ओठ त्याच्यामागून, शाळेत पोरं बाईंच्या मागून म्हणतात तसे, हलत होते.

श्रीविद्यानं झडप घालून लॅपटॉप मिटला.

"अम्मा!" ती खाली बसली, अम्माचे दोन्ही हात धरले. "अम्मा, मी झाले तेव्हा काय झालं? गजऱ्याची गोष्ट सांग. अण्णांनी गजरा कुणाला दिला?"

अम्मानं तिच्याकडं मायेनं पाहिलं. आठवून बघितलं. खरोखर आठवून बघितलं, कपाळाला आठ्या घालून. मग तिनं श्रीविद्याच्या केसांवरून हात फिरवला आणि मान हलवली. नाही.

काय केलं मी, श्रीविद्या म्हणत राहिली, काय केलं मी हे.

७

लॅपटॉप उघडून पाहिला तेव्हा आकडा चारशे नऊ होता. चित्रातल्या बाईची पूर्ण पाठ होती. मागचं दार उघडं.

तिनं खेळ पुन्हा पहिल्यापासून सुरू केला, म्हणजे सगळं कोरं होईल. 'घरात तुला काय म्हणतात?' पुट्टी. खेळानं उत्तर दिलं: 'ह्या नावानं ऐकणं चालू आहे.' तिनं दुसरं नाव घातलं. तेच उत्तर. खेळ काढून टाकला, वही फाडली, भिंतीवरचे कागद उतरवून ओट्यावर जाळले. घरभर धूर झाला. अम्मा खोकत आली, खिडकी उघडली आणि श्रीविद्यानं आणखी कागद आणू नयेत म्हणून हात आडवा करून म्हणाली, "साकु." पुरे.

बोलली! श्रीविद्यानं तिला मिठीच मारली. मग कसलीशी शंका येऊन तिनं लॅपटॉप उघडला. काढून टाकलेला खेळ पडद्यावर होता. चारशे दहा. यादीत नुकताच करडा झालेला शब्द: साकु.

आता खेळात ऐकलं काय आणि घरात ऐकलं काय, मोजणी एकच झाली होती.

मंगळवारी सकाळी दूधवाल्याला अम्मा म्हणाली, "नाळे एक लिटर." उद्या एक लिटर. चारशे अकरा.

आणि यादीत सगळ्यांत खाली, पांढरी, एकटी, एक ओळ उरली. ऐकल्याशिवाय तिचे शब्द दिसत नसत. पण त्या ओळीआधी कुठला पर्याय येतो तो दिसत होता: 'अम्मा, येते मी.'

श्रीविद्यानं लॅपटॉप जुन्या साड्यांत गुंडाळला आणि मधल्या खोलीच्या कपाटात घालून कुलूप लावलं.

ती घराबाहेर पडली नाही. मंगळवार नाही, बुधवार नाही. दूध कुंपणाच्या दारातून घेतलं, भाजी फोनवर मागवली. अम्माचं सगळं नेहमीसारखं चाललं होतं. तुळशीला पाणी, पूजा, आमटीला फोडणी. विचारलं तर वाणसामानाची यादी कन्नडमध्ये सुबक अक्षरात लिहून द्यायची. तिला काही बिघडलंय असं वाटतच नव्हतं. फक्त मधेच कधीतरी ती दाराजवळ येऊन उभी राहायची आणि श्रीविद्याच्या चपलांकडं बघायची. मग श्रीविद्याकडं. तोंड किंचित उघडं. आज जायचं नाही का तुला, असं विचारल्यासारखं.

कधी काळी देवाकडं मागितलेली शांतता आता तीन खोल्यांत भरून होती. नळ टिपकत होता, फ्रिज गुरगुरत होता. श्रीविद्या स्वतःच बडबडत सुटली. "अम्मा, सारु मस्त झालाय. अम्मा, आज ऊन बघ." उत्तराची जागा आली की घाईनं पुढचं वाक्य सुरू करायची.

शेवटचं संपलं तर काय होईल? तिला माहीत नव्हतं. तिच्या डोळ्यांसमोर सारखी ती पाठ यायची आणि ते उघडं दार.

८

गुरुवारी साडेनऊला नमिता मॅडमचा फोन आला. "निघालीस ना?"

"मॅडम, मी नाही येऊ शकत."

"नाही येऊ शकत म्हणजे? श्रीविद्या, अकराला समिती बसतीये!"

"घरातून निघता येत नाही, मॅडम. दोन वर्षांनी करीन. दहा वर्षांनी करीन." तिनं फोन ठेवला, आणि खरं सांगायचं तर कितीतरी दिवसांनी तिला हलकं वाटलं. गेली ती नोंदणी. दारातल्या चपला उचलून तिनं माळ्यावर टाकल्या. अम्मा सोप्यात बसून तिच्याकडं बघत होती. "मी कुठं जात नाही अम्मा," श्रीविद्या म्हणाली. "इथंच आहे. तुझ्यापाशी."

एवढ्यात अम्माचा फोन वाजला. अम्माच्याच हातात होता. नेहमीच्या सवयीनं तिनं स्पीकर चालू केला.

"अम्मा! प्रद्युम्न. चेक-इन झालं सगळं, आता आत सोडतायत." मागं विमानतळाचा गलका. "अम्मा, येतो मी."

हा नेम श्रीविद्या साफ विसरली होती. स्वतःला कोंडून घेतलं, चपला माळ्यावर टाकल्या, आणि ह्या घरातून निघणारं आणखी एक माणूस आहे हे तिच्या डोक्यातच आलं नाही!

अम्माचा चेहरा उजळला. ती बोलायला सरसावली.

श्रीविद्यानं धावत जाऊन तिच्या तोंडावर तळहात दाबला.

"हॅलो? अम्मा? ऐकू येतंय का?"

"पद्या, ठेव फोन! जा तू, जा!"

"अक्का? अगं, अम्मानं म्हटल्याशिवाय कसा जाऊ? अण्णांचं विसरलीस? अम्मा, येतो मी. म्हण की लवकर, लाईन सरकतीय."

दुसऱ्यांदा येतो म्हणाला. अम्माचे डोळे मोठे झाले. तिनं श्रीविद्याचं मनगट धरलं, दोन्ही हातांनी ओढलं. चार वर्षांपूर्वी गप्प राहिलेली बाई ती, आता कशी गप्प राहील? श्रीविद्या रडत होती आणि सगळा जोर लावून हात दाबून धरत होती. "नको अम्मा, तुझ्या पाया पडते, नको." तळहाताखाली ओठ हललेले तिला कळले. एक एक शब्द कळला. आवाज मात्र बाहेर येऊ दिला नाही तिनं. जराही नाही.

आवाज आला तो मधल्या खोलीतून. कुलूप लावलेल्या कपाटातून, साड्यांच्या घडीतून, स्वच्छ, शेवटच्या बाकापर्यंत पोचेल असा:

"हां, जाऊन ये. मी आहे घरी."

"हां, आय्तु!" प्रद्युम्न हसला. झालं काम. "पोचलो की करतो." फोन बंद झाला.

तळहाताखाली ओठ थांबले.

श्रीविद्यानं हात काढला. अम्माच्या गालांवर तिच्या बोटांचे वळ उमटले होते. अम्मानं पदर नीट केला, फोन बाजूला ठेवला आणि उठली. मधल्या खोलीत गेली. खाटेवर बसली, मागच्या दाराकडं तोंड करून.

"अम्मा."

पाठ हलली नाही.

सोप्यात पंखा पाचावर फिरत होता. श्रीविद्या उठली, कशीबशी बाहेरच्या दारापर्यंत गेली आणि अनवाणी उंबऱ्यापाशी उभी राहिली. खांद्यावर नसलेली पिशवी सावरल्यासारखं केलं.

"अम्मा, येते मी," ती म्हणाली.

थोडं थांबली. मग दुसऱ्यांदा म्हणाली.